हातउसने पैसे आणि तीन वर्षांची मुदत

एसटीतून कंडक्टर म्हणून निवृत्त झालेले एक गृहस्थ आणि त्यांच्या पत्नी माझ्याकडे आले, तेव्हा त्यांच्या पिशवीत कालनिर्णयचं एक पान होतं. चार घड्या घातलेलं, मे महिन्याचं. चौदा तारखेच्या चौकोनात ‘गॅस लावला’ याच्या खाली बाईंच्या बारीक अक्षरात लिहिलं होतं : ‘यांच्या मित्राला ३ लाख. मुलीचं लग्न.’ ग्रॅच्युइटीचे पैसे. त्याच दिवशी बँकेतून काढले, वर्तमानपत्रात गुंडाळले आणि मित्राच्या घरी नेऊन दिले. चिठ्ठी नाही, पावती नाही, तिसरं माणूस समोर नाही. ‘मागाल तेव्हा देतो,’ एवढाच शब्द.

‘चाळीस वर्षांची ओळख. कागद कुठल्या तोंडाने मागायचा, साहेब?’ गृहस्थ म्हणाले.

मी पानावरचं साल पाहिलं आणि बोटांवर महिने मोजले. तीन वर्षं आणि चार महिने झाले होते.

उसने दिलेल्या पैशाचा दावा तीन वर्षांत लावावा लागतो, हे बऱ्याच जणांच्या कानावर असतं. ती तीन वर्षं कधीपासून मोजायची, इथे माणसं फसतात. परतफेडीची तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून. तारीख ठरलीच नसेल, किंवा ‘मागाल तेव्हा देईन’ असं ठरलं असेल, तर १९६३च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे पैसे दिले त्या दिवसापासून. चेकने दिले असतील तर चेक वटला त्या दिवसापासून. लोकांना वाटतं की आपण पैसे मागितले आणि समोरच्याने ‘देत नाही’ म्हटलं, की मुदत सुरू होते. तसं नाही. २० ऑगस्ट २०२२ रोजी ‘मागाल तेव्हा’ या बोलीवर पैसे दिले असतील, तर २० ऑगस्ट २०२५पर्यंत दावा दाखल व्हायलाच हवा, मग मधल्या काळात पैसे एकदाही मागितलेले नसोत. शेवटचा दिवस सुट्टीत आला तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दावा लावता येतो. याहून जास्त सवलत नाही. अपिलाला उशीर झाला तर कारण दाखवून तो माफ करून घेता येतो, दाव्याला झालेला उशीर माफ होत नाही. प्रतिवादीने मुदतीचा मुद्दा काढला नाही तरी मुदतबाह्य दावा फेटाळणं न्यायाधीशाला भाग असतं.

हा तीन वर्षांचा आकडा आपल्याकडे फार जुना आहे आणि त्याने महाराष्ट्रात एकदा मोठा अनर्थ केलेला आहे. १८५९च्या मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जरोख्यांना तीन वर्षांची मर्यादा घातली. वर्षानुवर्षं व्याज चढत राहू नये, कुळाला दिलासा मिळावा, असा हेतू होता. झालं उलटंच. सावकार दर तीन वर्षांनी कुळाला बसवून नवा रोखा लिहून घेऊ लागले. थकलेलं व्याज मुद्दलात जमा होई, त्यावर पुन्हा व्याज सुरू होई, आणि अंगठा उठवणाऱ्याला कागदावर काय लिहिलंय ते कळत नसे. कोर्टात दावा गेला की कुळ हजर राहत नसे आणि एकतर्फी हुकूमनामा होई. १२ मे १८७५ला पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी जे पेटलं ते इथून. दख्खनचे दंगे म्हणून आपण ते शिकतो. लोकांनी सावकारांच्या वह्या आणि रोखे बाहेर काढून जाळले, कारण त्यांच्या दृष्टीने तो कागदच वैरी होता. पुढे १८७९मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी जो कायदा झाला, त्याने न्यायाधीशाला रोख्याच्या मागे जाऊन मूळ व्यवहार काय होता हे पाहायला लावलं आणि पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला कैदेत टाकणं बंद केलं.

हे मुद्दाम सांगतोय, कारण आपल्या मनात कागदाविषयी जी अढी आहे ती हवेतून आलेली नाही. कागद म्हणजे सावकारी, कागद म्हणजे अविश्वास, हे पिढ्यान्‌पिढ्या मुरलेलं आहे. मित्राला, मेहुण्याला, शेजाऱ्याला पैसे देताना कागद मागणं त्यामुळे जिवावर येतं. ‘भीड भिकेची बहीण’ म्हणतात, ते या व्यवहाराइतकं दुसरीकडे कुठे खरं होताना मी पाहिलेलं नाही. देताना भीड, मागताना भीड, नोटीस पाठवताना तर जास्तच भीड, आणि तोवर तीन वर्षं सरलेली असतात. माझं स्पष्ट मत आहे की दिलेल्या दिवशी लिहिलेली चार ओळींची चिठ्ठी मैत्री मोडत नाही. ती नसली म्हणून मोडलेल्या मैत्र्या मात्र मी ढिगाने पाहिल्या आहेत, कारण तीन वर्षांनी दोघांच्याही आठवणीतला आकडा वेगळा असतो आणि दोघांनाही आपलाच खरा वाटतो.

ती चिठ्ठी कशी असावी? स्टेशनरीच्या दुकानात वचनचिठ्ठीचे छापील फॉर्म मिळतात, पण साध्या कोऱ्या कागदावर लिहिलेली चिठ्ठीही तितकीच चालते. किती रुपये, कोणाकडून, कोणत्या तारखेला, कशा मार्गाने मिळाले, आणि ‘ही रक्कम तुम्ही मागाल तेव्हा तुम्हाला अगर तुम्ही सांगाल त्याला बिनशर्त देईन’ हे वचन. अक्षर घेणाऱ्याचं असेल तर सोन्याहून पिवळं. मग महसूल तिकीट. पोस्टात एक रुपयाला मिळतं ते छोटं तिकीट चिठ्ठीच्या तळाशी चिकटवायचं आणि सही अशी घ्यायची की तिचा अर्धा भाग तिकिटावर आणि अर्धा कागदावर येईल. तिकीट असं रद्द झालं की ते काढून दुसरीकडे वापरता येत नाही. या रुपयाच्या तिकिटाला हलक्यात घेऊ नये. इतर दस्तांवर मुद्रांक कमी पडला तर नंतर दंड भरून तो पुरा करता येतो आणि दस्त पुराव्यात येतो. वचनचिठ्ठीला ही सोय नाही. बिनतिकिटाची वचनचिठ्ठी पुराव्यात घेता येत नाही, दंड भरायची तयारी असली तरी नाही. मग मूळ उसनवारी वेगळ्या पुराव्याने सिद्ध करत बसावं लागतं.

नुसतं ‘तुमचे तीन लाख देणं आहे’ असं लिहून दिलं तर ती वचनचिठ्ठी होत नाही, कारण तिच्यात देण्याचं वचन नाही. तरी हा कागद फेकण्यासारखा नाही. मुदत संपायच्या आत ऋणकोने देणं लेखी मान्य केलं आणि खाली सही केली, तर त्या सहीच्या दिवसापासून नवी तीन वर्षं मिळतात. वरच्याच उदाहरणात १ मार्च २०२४ला अशी सही मिळाली असती, तर दाव्याची मुदत १ मार्च २०२७वर गेली असती. थोडी रक्कम परत केली तरी मुदत अशीच नव्याने सुरू होते, पण त्यालाही अट आहे : रक्कम भरल्याचं देणाऱ्याच्या अक्षरात किंवा त्याच्या सहीने काहीतरी लेखी हवं. फोनवरून पाच हजार आले म्हणून निर्धास्त राहू नये. ‘उसने घेतलेल्या तीन लाखांपैकी पाच हजार आज पाठवले, बाकी दोन लाख पंच्याण्णव हजार’ एवढी ओळ लिहून, सही करून घ्यावी.

आता ज्यांच्याकडे कागदच नाही त्यांचं काय? तोंडी उसनवारी बेकायदा नसते. तिचाही दावा लावता येतो, फक्त सिद्ध करण्याचा भार वादीवर असतो. दिवाणी कोर्टात फौजदारीसारखी निःसंशय खात्री लागत नाही. कोणाची बाजू अधिक संभवनीय आहे हे तोललं जातं. त्यामुळे बँकेतून बँकेत गेलेली रक्कम हा भक्कम आधार असतो, आणि तरीही समोरचा म्हणू शकतो की ते पैसे जुन्या व्यवहाराचे होते किंवा मदत म्हणून दिले होते. म्हणून पैसे पाठवताना शेऱ्याच्या जागी ‘हातउसने’ हा शब्द लिहिण्याची सवय लावावी. आपल्याच वहीतली नोंद एकटी पुरेशी नसते. नेहमीच्या रीतीने ठेवलेल्या हिशेबवहीबद्दलही कायदा सांगतो की केवळ त्या नोंदीवर कोणाला देणेकरी ठरवता येत नाही, मग कालनिर्णयचा चौकोन कुठे उभा राहणार!

व्हॉट्सअ‍ॅपवरचे निरोप मात्र हल्ली फार कामाला येतात. ‘दादा, पुढच्या महिन्यात नक्की देतो’ हे वाक्य उसनवारी झाल्याचं सांगतं. ते कोर्टात आणायचं तर स्क्रीनशॉटची छापील प्रत नुसती जोडून भागत नाही. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३प्रमाणे सोबत प्रमाणपत्र लागतं. त्याचा एक भाग फोन ज्याच्या ताब्यात आहे त्याने भरायचा आणि दुसरा तज्ज्ञाने. ज्या फोनवर निरोप आले तो फोन जपून ठेवावा, विकू नये आणि संभाषण पुसू नये. निरोपांवर दावा उभा राहायचा होता, पण मुलाने नवा फोन घेऊन दिला आणि जुना मोडीत गेला, असं एकाहून अधिक घरांत झालेलं मला माहीत आहे.

रोखीने दिलेल्या पैशाबद्दल दोन गोष्टी समजून घ्याव्यात. आयकर कायद्याप्रमाणे वीस हजार किंवा त्याहून जास्त रक्कम रोखीने उसनी घेता येत नाही. दंड बसतो तो घेणाऱ्याला. मात्र म्हणून देणं बुडत नाही. गोव्यातून आलेल्या एका चेकच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२५मध्ये स्पष्ट केलं की रोखीचा नियम मोडला तरी कर्ज वसुलीयोग्यच राहतं. त्याच वर्षी एप्रिलमध्ये दुसऱ्या निकालात त्याच न्यायालयाने असंही बजावलं की दोन लाख किंवा त्याहून जास्त रक्कम रोखीने दिल्याचं दाव्यात आलं, तर कोर्टाने ते आयकर खात्याला कळवावं. तेव्हा ‘तीन लाख रोख दिले’ असं वादपत्रात लिहिणाऱ्याने ते तीन लाख कुठून आले याचा हिशेब तयार ठेवावा. त्या गृहस्थांचा हा हिशेब चोख होता. पासबुकात १४ मेचीच तीन लाख काढल्याची नोंद होती.

दुसरी भीती सावकारीची. ‘तुम्ही बिनपरवाना सावकारी करता’ हा बचाव महाराष्ट्रात हमखास घेतला जातो, कारण २०१४च्या महाराष्ट्र सावकारी नियमन कायद्याप्रमाणे परवाना नसलेल्या सावकाराला कोर्ट हुकूमनामा देत नाही, उलट त्याच्यावर गुन्हा दाखल होऊ शकतो. पण सावकारी म्हणजे धंदा. ओळखीच्या माणसाला अडीनडीला एकदा दिलेले हातउसने पैसे हा धंदा होत नाही. महिना दोन-तीन टक्क्यांनी पाच-सहा जणांना पैसे लावणाऱ्याने मात्र हे वाचून निश्चिंत होऊ नये.

पैसे परत येत नाहीत असं दिसलं की पहिलं पाऊल नोटिशीचं. खासगी माणसावरच्या दाव्यासाठी कायद्याने नोटीस सक्तीची नाही, तरी ती द्यावीच. बऱ्याच वेळा वकिलाच्या कागदावरची नोटीस पोचताच घरातल्या कर्त्या माणसाच्या कानावर गोष्ट जाते आणि मार्ग निघतो. दुसरा फायदा व्याजाचा. व्याज ठरलेलं नसेल, तर ‘अमुक तारखेपासून व्याज मागेन’ असं लेखी कळवल्यावर त्या तारखेपासून व्याज देण्याचा अधिकार १९७८च्या व्याज कायद्याने कोर्टाला आहे. १ सप्टेंबर २०२५पासून रजिस्टर पोस्ट स्पीड पोस्टात विलीन झालं आहे, तेव्हा पाठवताना पोच मिळण्याची सेवा आठवणीने मागून घ्यावी. पाकीट ‘घेण्यास नकार’ असा शेरा मारून परत आलं तर ते फोडू नये. तसंच बंद ठेवावं. योग्य पत्त्यावर, पोस्टाचे पैसे भरून पाठवलेली नोटीस पोचली असं कायदा गृहीत धरतो, आणि ते न फोडलेलं पाकीट उलटतपासात बोलतं.

पोलीस ठाण्यात खेटे घालण्यात लोक वर्ष घालवतात. तिथे ‘प्रकरण दिवाणी स्वरूपाचं आहे’ असं उत्तर मिळतं, आणि नुसते पैसे परत केले नाहीत एवढीच तक्रार असेल तर ते उत्तर बरोबर आहे. पैसे घेतानाच बुडवण्याचा इरादा होता, खोटं सांगून घेतले, असं दाखवता आलं तरच फसवणुकीचा गुन्हा होतो. मधल्या काळात दिवाणी दाव्याची मुदत मात्र सरत राहते.

दावा कुठे लावायचा? प्रतिवादी राहतो तिथे, किंवा व्यवहार जिथे घडला तिथे. साताऱ्यात पैसे घेऊन माणूस पुण्याला राहायला गेला असेल, तर साताऱ्यातच दावा लावता येतो. रकमेवरून दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर की वरिष्ठ स्तर ते ठरतं. कोर्ट फीचे स्टॅम्प रकमेच्या प्रमाणात लागतात आणि दावा जिंकल्यास तो खर्च प्रतिवादीकडून वसूल करून मागता येतो. स्त्रियांना, अनुसूचित जाती-जमातींच्या पक्षकारांना आणि ठराविक मर्यादेच्या आत उत्पन्न असणाऱ्यांना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. स्त्रियांना तर त्यासाठी उत्पन्नाची अटही नाही. तालुक्याच्या कोर्टातच या प्राधिकरणाची समिती असते, तरी फार थोड्या बायका तिथवर पोचतात.

वादपत्रात एक परिच्छेद ठरलेला असतो : ‘दाव्यास कारण अमुक तारखेस, अमुक ठिकाणी घडले.’ वकिलाने लिहिलेलं वादपत्र सहीसाठी समोर आलं की आधी हा परिच्छेद वाचावा. दाव्याचं कारण आणि मुदत यांचा मेळ तिथे बसतो. पैसे दिल्याची तारीख, पावतीची तारीख आणि नोटिशीची तारीख या तिन्हींत एका महिन्याची जरी गफलत झाली, तरी प्रतिवादीचा वकील बरोबर तिथे बोट ठेवतो.

वचनचिठ्ठी किंवा लेखी करार असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७प्रमाणे ‘समरी सूट’ म्हणजे संक्षिप्त दावा लावता येतो, आणि लेखी कागदाचं खरं मोल इथे कळतं. साध्या दाव्यात प्रतिवादी आपसूक कैफियत देतो. त्यासाठी तीस दिवस असतात, ते नव्वदपर्यंत वाढतात. मग मुद्दे निघतात, पुराव्याची शपथपत्रं, उलटतपास, युक्तिवाद, आणि प्रत्येक पायरीला तारखा. संक्षिप्त दाव्यात प्रतिवादीला बचाव करण्याचा हक्क आपोआप मिळत नाही, त्याला परवानगी मागावी लागते. समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत त्याने हजर व्हायचं. मग वादीने निकालासाठीचं समन्स बजावलं की पुढच्या दहा दिवसांत शपथपत्रावर सांगायचं, की माझ्याकडे खरोखर बचाव आहे. बचावात दम असेल तर परवानगी मिळते. संशयास्पद असेल तर काही रक्कम कोर्टात भरा, मग लढा, असा हुकूम होतो. बचावच नसेल तर तिथल्या तिथे हुकूमनामा. तोंडी उसनवारीला ही वाट बंद आहे.

समन्स चुकवणं हा जुना डाव. बेलीफ गेला की ‘घरी नाहीत’, पुन्हा गेला की दाराला कुलूप. अशा वेळी दारावर समन्स डकवता येतं, वर्तमानपत्रात जाहीर देता येतं. २०१८मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी थकलेल्या रकमेच्या वसुलीच्या एका प्रकरणात व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेली नोटीस पोचली असं मान्य केलं, कारण निरोप नुसता पोचलाच नव्हता तर उघडून पाहिला गेल्याची खूणही दिसत होती.

चेक दिला असेल आणि तो न वटता परत आला, तर फौजदारी मार्गही खुला होतो. त्याच्या तारखा दिवाणीहून कडक असतात : चेक परत आल्याचं बँकेने कळवल्यापासून तीस दिवसांत नोटीस, ती मिळाल्यावर पैसे द्यायला पंधरा दिवस, आणि तरीही न दिल्यास पुढच्या महिन्याभरात तक्रार. चेकवर सही आहे म्हटल्यावर तो देण्यापोटीच दिला असं गृहीत धरलं जातं, आणि नाही हे सांगायची जबाबदारी देणाऱ्यावर जाते. चेकची तक्रार आणि दिवाणी दावा एकाच वेळी चालू शकतात. मात्र चेकची केस चालू आहे म्हणून दिवाणी दाव्याची मुदत थांबत नाही.

दावा चालू असताना तडजोडीचा हात पुढे आला तर तो झिडकारू नये. लोक अदालतीत झालेला निवाडा हुकूमनाम्याइतकाच पक्का असतो, त्यावर अपील नाही, आणि कोर्ट फी परत मिळते. दावा दाखल करण्याआधीही ‘दाखलपूर्व प्रकरण’ म्हणून विधी सेवा समितीकडे जाता येतं. दोन लाख हप्त्याने आज सुरू होणं आणि तीन लाख पाच वर्षांनी मिळणं, यात वयस्कर माणसाने काय निवडावं हे मी त्याला सांगू शकतो, ठरवू शकत नाही.

हुकूमनामा हाती आला की लोक पेढे वाटतात. खरी खटपट तिथून सुरू होते. कोर्ट पैसे आणून देत नाही. हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून घ्यायला ‘दरखास्त’ म्हणजे वेगळा अर्ज द्यावा लागतो आणि त्यासाठी बारा वर्षांची मुदत आहे. ऋणकोकडे काय आहे हे माहीत नसेल, तर त्याला कोर्टात बोलावून मालमत्तेचं शपथपत्र द्यायला लावता येतं. न दिल्यास तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१मध्ये सांगितलं की दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढाव्यात. कोर्टांत तसं घडताना मला अजून सर्रास दिसत नाही, तरी तारखेला हा निकाल दाखवून घाई मागता येते आणि मागावी.

नोकरदार माणूस असेल तर पगारावरची जप्ती हा सर्वांत सरळ मार्ग. पगारातले पहिले एक हजार आणि उरलेल्या रकमेचे दोन तृतीयांश यांना हात लावता येत नाही. चाळीस हजार धरण्याजोगा पगार घेऊ. एक हजार बाजूला, राहिले एकोणचाळीस, त्यांतले सव्वीस हजार सुरक्षित. तेरा हजार दरमहा जप्त होतील. एका हुकूमनाम्यापोटी अशी जप्ती एकूण चोवीस महिनेच चालते. तेरा हजार गुणिले चोवीस म्हणजे तीन लाख बारा हजार. तीन लाखांचं मुद्दल आणि थोडं व्याज एवढ्यात निघतं. मात्र तोच माणूस वीस हजार कमावत असेल तर दोन वर्षांत एक लाख बावन्न हजारच येतील आणि बाकीसाठी दुसरी मालमत्ता शोधावी लागेल. म्हणून कुणाला उसने देण्याआधीच त्याची ऐपत पाहावी, असं जुने लोक सांगायचे.

काय जप्त होऊ शकत नाही, याची कलम ६०मधली यादी मला नेहमी हलवून जाते. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, धर्मरीतीप्रमाणे स्त्रीने अंगावेगळा करू नये असा दागिना, म्हणजे मंगळसूत्र. कारागिराची हत्यारं. शेतकऱ्याची अवजारं, औतकाठीची जनावरं, बियाणं, राहतं घर. सरकारी पेन्शन आणि भविष्य निर्वाह निधी. सुप्याच्या आगीनंतर दीडशे वर्षांनीही कायदा धनकोला सांगतो की तुझं देणं खरं असलं तरी समोरच्याची चूल विझवायची नाही. मला हे बरोबर वाटतं, माझा पक्षकार वैतागला तरीही.

कैदेचंही तसंच. हुकूमनामा पाच हजारांहून जास्त रकमेचा असेल तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते, पण पैशाच्या हुकूमनाम्यासाठी स्त्रीला अटक करता येत नाही, आणि कैद्याच्या जेवणाखाण्याचा भत्ता धनकोनेच भरायचा असतो. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी १९८०मध्ये लिहिलेल्या निकालाने हे पक्कं केलं की निव्वळ गरिबीमुळे पैसे देता येत नाहीत म्हणून माणसाला आत टाकता येणार नाही. ऐपत असून, बदनियतीने टाळतो आहे, हे दाखवावं लागतं. मुलाच्या नावावर गाडी, बायकोच्या नावावर फ्लॅट आणि स्वतःच्या नावावर काही नाही, अशा माणसाविरुद्ध हे दाखवता येतं, पण त्याला चिकाटी लागते. कर्जदार मध्येच वारला तर दावा किंवा दरखास्त वारसांवर चालते, मात्र वारसांना मिळालेल्या मालमत्तेपुरतीच. बापाचं देणं मुलाने धर्म म्हणून फेडावं ही जुनी जबाबदारी कायद्याने २००५मध्येच, त्यानंतरच्या कर्जांपुरती, संपवली.

त्या निवृत्त कंडक्टरांचा दावा मी लावला नाही. लावला असता तर त्यांची कोर्ट फी बुडाली असती. पण १८७२च्या करार कायद्यात कलम २५मध्ये एक बारीक दार उघडं आहे : मुदतबाह्य झालेलं देणं देईन असं ऋणकोने लेखी वचन दिलं आणि सही केली, तर तो नवा करार होतो आणि त्यावर दावा चालतो. इथे नुसती कबुली पुरत नाही, वचन हवं. मी ते त्यांना कागदावर लिहून दिलं आणि सांगितलं की वकील म्हणून मी येणार नाही, नोटीस पाठवणार नाही. तुम्ही दोघं जा.

ते एका रविवारी सकाळी गेले. जाताना बाईंनी डब्यात पुरणपोळ्या नेल्या होत्या. मित्र कागद पाहून आधी गप्प बसला, मग म्हणाला, ‘तू मागत नव्हतास, मला वाटलं तू विसरलास.’ त्याच्या मुलीने, जिच्या लग्नासाठी ते पैसे घेतले होते तिने, वहीचं पान आणि पेन आणून दिलं. पुढच्या आठवड्यात ते पान माझ्या टेबलावर आलं. खाली तिकीट, तिकिटावरून कागदावर उतरलेली थरथरती सही, आणि वर त्याच्याच हातची अक्षरं : ‘मी तुमच्याकडून मुलीच्या लग्नासाठी हातउसने रुपये ३,००,००० रोख घेतले, ते देणे आहे. कायद्याची मुदत गेली असली तरी ही रक्कम मी दरमहा ७ तारखेस रुपये १०,०००प्रमाणे तीस हप्त्यांत देईन.’